ब्लूमचा दिवस : एका कादंबरीतून निघालेल्या उत्सवाचा इतिहास

आयर्लंडच्या पंचांगात संतांची वाण नाही. १ फेब्रुवारी हा संत ब्रिजिटचा दिवस, १७ मार्च संत पॅट्रिकचा. ऑक्टोबरच्या अखेरच्या रात्री येणारा सण तर ख्रिस्ती धर्माच्याही आधीचा, ऋतुसंधीचा. यांपैकी पॅट्रिकच्या दिवसाला सार्वजनिक सुटीचा दर्जा ब्रिटिश पार्लमेंटच्या १९०३च्या कायद्याने मिळाला आणि ब्रिजिटच्या नावाची सुटी २०२३पासून सुरू झाली. १६ जूनला अशी कोणतीही सुटी नाही. या दिवशी कोणी संत जन्मला नाही, कोणी वीर धारातीर्थी पडला नाही, आणि ज्याच्या नावाने हा दिवस ओळखला जातो तो माणूस तर कधी अस्तित्वातच नव्हता. लिओपोल्ड ब्लूम हा वृत्तपत्रासाठी जाहिराती गोळा करत हिंडणारा, हंगेरीहून आलेल्या ज्यू बापाचा मुलगा, जेम्स जॉईसच्या 'युलिसिस' या कादंबरीतले एक पात्र आहे. तरीही दर वर्षी या तारखेला डब्लिनमध्ये हजारो माणसे त्याच्या वाटेने चालतात, तो जेवला तेथे जेवतात आणि त्याने विकत घेतला तसाच लिंबाच्या वासाचा साबण विकत घेतात. 'ब्लूम्सडे' हे या उत्सवाचे नाव.

लेखकाची जयंती वा पुण्यतिथी साजरी करण्याची प्रथा सर्वत्र आहे. येथे मात्र साजरा होतो तो संहितेच्या आतला दिवस. साहित्यकृतीची पुस्तकाबाहेरची हयात कशी असते, या प्रश्नाच्या दृष्टीने हे उदाहरण महत्त्वाचे ठरते. त्यातही पेच असा, की ज्या शहराने या लेखकाला त्याच्या हयातीत दूर ठेवले त्याच शहराने त्याच्या काल्पनिक नायकाला आपल्या दिनदर्शिकेत जागा दिली.

१६ जून १९०४, गुरुवार. कादंबरीतील अठरा प्रकरणे या दिवसाच्या सकाळी आठपासून दुसऱ्या दिवसाच्या पहाटेपर्यंत पसरलेली आहेत. हा दिवस जॉईसने केवळ कल्पनेने भरून काढला नाही. त्या दिवशी अ‍ॅस्कट येथे खरोखरच 'गोल्ड कप'ची शर्यत झाली आणि 'थ्रोअवे' नावाचा कोणाच्या खिजगणतीत नसलेला घोडा जिंकला. कादंबरीत या घोड्यावरून ब्लूमविषयी एक घातक गैरसमज पसरतो. न्यूयॉर्कमध्ये आदल्या दिवशी 'जनरल स्लोकम' ही आगबोट जळून हजारावर माणसे मेली होती. ती बातमी कादंबरीतल्या लोकांच्या तोंडी आहे. रस्ते, दुकाने, घरांचे क्रमांक हे सारे 'थॉम'च्या डब्लिन निर्देशिकेतून घेतलेले आहे. ब्लूमचे घर म्हणून निवडलेली ७, एकल्स स्ट्रीट ही वास्तू १९०४ साली रिकामी असल्याने तेथे एका काल्पनिक कुटुंबाला राहायला पाठवणे जॉईसला सोयीचे गेले.

परंतु हीच तारीख का? याचे सर्वमान्य उत्तर खाजगी आहे. गॉलवेहून आलेली आणि डब्लिनच्या फिन्स हॉटेलात काम करणारी नोरा बार्नॅकल ही तरुणी जॉईसला १० जून १९०४ रोजी रस्त्यात भेटली. १४ जूनला ठरलेल्या भेटीला ती आली नाही. १५ जूनला जॉईसने तिला पत्र लिहून पुन्हा भेट मागितली, आणि १६च्या संध्याकाळी ती दोघे प्रथम एकत्र फिरायला गेली असे चरित्रकार रिचर्ड एलमन यांनी मांडले. त्या संध्याकाळची त्याच दिवशी केलेली नोंद उपलब्ध नाही. हा निष्कर्ष बराचसा कादंबरीवरून मागे जाऊन काढलेला आहे. म्हणजे ज्या दिवसाच्या आधारावर कादंबरी उभी आहे असे म्हटले जाते, त्या दिवसाचा आधार पुन्हा कादंबरीच आहे. चरित्र आणि साहित्यकृती यांच्यातील कार्यकारणभाव मानणाऱ्या समीक्षेने या वर्तुळाकडे थोडे अधिक लक्ष द्यायला हवे होते. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात ती दोघे आयर्लंड सोडून गेली. 'युलिसिस' लिहिली गेली ती १९१४ ते १९२१ या काळात, त्रिएस्ते, झुरिक आणि पॅरिस येथे. या काळात १९१६चा ईस्टर उठाव झाला, तोफखान्याने डब्लिनचा मध्यवर्ती भाग उद्ध्वस्त केला, आणि स्वातंत्र्ययुद्ध झाले. २ फेब्रुवारी १९२२ रोजी, जॉईसच्या चाळिसाव्या वाढदिवशी, सिल्व्हिया बीच या अमेरिकन ग्रंथविक्रेतीने पॅरिसमध्ये पुस्तक प्रसिद्ध केले तेव्हा त्यातले शहर जुन्या स्वरूपात शिल्लक राहिलेले नव्हते.

उत्सवाचा पहिला उल्लेख दोनच वर्षांनी येतो. जून १९२४मध्ये जॉईस डोळ्यांच्या शस्त्रक्रियेनंतर अंथरुणावर होता. हॅरिएट शॉ वीव्हर या आपल्या आश्रयदातीला २७ जूनला लिहिलेल्या पत्रात तो सांगतो, की काही मंडळी १६ जून हा ब्लूमचा दिवस म्हणून पाळतात आणि त्यांनी आपल्याला पांढरी व निळी रंगवलेली फुले पाठवली आहेत. पांढरा आणि निळा हे पुस्तकाच्या मुखपृष्ठाचे रंग. त्याच सुमारास त्याने वहीत एक ओळ खरडली आहे. वीस वर्षे लोटली, ही तारीख कोणाच्या लक्षात राहील काय, असा तिचा आशय. फुले पाठवणारी मंडळी पॅरिसची होती. पुढे १९२९ साली फ्रेंच भाषांतर प्रसिद्ध झाल्यावर प्रकाशिका आद्रिएन मोनिए यांनी व्हो-द-सेर्ने या गावी भोजन योजले. उपाहारगृहाचे नाव 'लिओपोल्ड' होते म्हणून ते निवडले गेले. पॉल व्हालेरी होते, अंतर्गत स्वगताच्या तंत्राचे श्रेय ज्यांना जॉईस देत असे ते वयोवृद्ध एदुआर द्युजार्दँही होते. तेवीस वर्षांचा सॅम्युएल बेकेट परतीच्या वाटेवर मद्यपानासाठी गाडी इतक्यांदा थांबवत राहिला की त्याला मागेच सोडून देण्यात आले. गंमत अशी, की हे भोजन १६ तारखेला झालेच नाही. ते २७ जूनला झाले. हा टप्पा आहे उत्सवाचा, पण तो लेखकाच्या मित्रांचा, मुखपृष्ठाच्या रंगांचा आणि मेजवानीचा. डब्लिन त्यात कोठेच नाही.

डब्लिनमध्ये शांतता होती. 'युलिसिस'वर आयर्लंडच्या सेन्सॉर मंडळाने कधी औपचारिक बंदी घातली नाही, हे आज अनेकांना खरे वाटत नाही. बंदीची गरजच पडली नाही. जकातखाते, धर्मपीठ आणि पुस्तकविक्रेत्यांची भीती यांनी ते काम परस्पर केले. अमेरिकेत १९३३ साली न्यायमूर्ती वूल्झी यांच्या निकालाने पुस्तक मुक्त झाले, इंग्लंडमध्ये ते १९३६ साली निघाले, पण ज्या शहराबद्दल ते होते त्या शहरात ते हातोहात, चोरूनमारून वाचले जाई. १३ जानेवारी १९४१ रोजी झुरिकमध्ये जॉईस वारला तेव्हा अंत्यविधीला आयरिश शासनाचा प्रतिनिधी उपस्थित नव्हता. पुढे नोराने अस्थी मायदेशी नेण्याची इच्छा व्यक्त केली; तिला नकार मिळाला. त्याच १९४८ साली कवी येट्सचे अवशेष नौदलाच्या जहाजातून सन्मानाने आणले गेले होते, ही गोष्ट येथे नमूद करायलाच हवी.

डब्लिनमधला पहिला ब्लूम्सडे १९५४ सालचा. कादंबरीतल्या दिवसाला पन्नास वर्षे होत होती. चित्रकार आणि संपादक जॉन रायन तसेच 'फ्लॅन ओब्रायन' या टोपणनावाने लिहिणारे ब्रायन ओनोलन यांनी बेत आखला. दोन जुन्या घोडागाड्या भाड्याने घेतल्या. कादंबरीत पॅडी डिग्नमच्या प्रेतयात्रेला जाणारी मंडळी अशाच गाड्यांतून जातात. कवी पॅट्रिक कॅव्हना, तरुण लेखक अँथनी क्रोनिन, ट्रिनिटी कॉलेजातले ए. जे. लेव्हेंथॉल आणि जॉईसचा चुलतभाऊ, दंतवैद्य टॉम जॉईस हे सहप्रवासी. सँडीकोव्हच्या मार्टेलो बुरुजाशेजारी वास्तुविशारद मायकेल स्कॉट यांचे घर होते. सकाळी सगळे तेथे जमले. भूमिका वाटून घेतल्या गेल्या. क्रोनिन स्टीफन डीडॅलस झाला. लेव्हेंथॉल ज्यू, म्हणून ब्लूमची भूमिका त्यांच्याकडे आली. टॉम जॉईस यांनी पुस्तक वाचलेले नव्हते. ते घराण्याचे प्रतिनिधी म्हणून आले होते. कादंबरीतील स्थळे क्रमाने घेत रात्री जुन्या वेश्यावस्तीपर्यंत जायचे असे ठरले होते. सुरुवात बुरुजापाशी कॅव्हना आणि ओनोलन यांच्या झटापटीने झाली. मग वाटेत एकेक मद्यगृह येत गेले, आणि ड्यूक स्ट्रीटवरील 'बेली' या मद्यगृहापाशी यात्रा संपली. परिक्रमा अर्धीच राहिली. रायन यांनी या प्रवासाचे मूकचित्रण केले होते. ते अजून पाहायला मिळते, आणि त्यात जे दिसते ते स्मारकसोहळ्यापेक्षा शाळा चुकवून निघालेल्या पोरांच्या टोळीच्या जवळचे आहे.

या प्रसंगाचा अर्थ लावताना तीन वर्षांपूर्वीची एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते. रायन यांच्या 'एन्व्हॉय' या नियतकालिकाने १९५१ साली जॉईस विशेषांक काढला होता. त्याचे संपादन ओनोलन यांनी केले होते. त्यात कॅव्हना यांची जॉईसचा खून कोणी केला असे विचारणारी कविता होती. तिच्यात खुनाची कबुली देतात ते भाष्यकार आणि प्रबंधलेखक. हत्यार म्हणजे त्यांची विद्वत्ता. जॉईस तोवर अमेरिकन विद्यापीठांचा झाला होता. त्याच्यावरचे प्रबंध तेथे लिहिले जात होते आणि डब्लिनच्या लेखकांना मात्र आपल्या गल्लीतल्या माणसाची माहिती परक्यांकडून ऐकावी लागत होती. १९५४ची ती घोडागाड्यांची फेरी ही या परिस्थितीवरची प्रतिक्रिया आहे. विद्यापीठांच्या टीपांतून जॉईसला सोडवून पुन्हा रस्त्यावर आणण्याचा तो प्रयत्न होता, आणि त्याला लागणारे हत्यार त्यांनी जॉईसकडूनच घेतले : विडंबन. 'ओडिसी'तल्या दहा वर्षांच्या भटकंतीचे जॉईसने एका दिवसाच्या पायपिटीत रूपांतर केले. त्या पायपिटीचे यांनी मद्यगृहांच्या फेरीत केले. बाख्तिनच्या परिभाषेत बोलायचे तर हा उत्सव जन्माला आला तो कार्निव्हल म्हणून. वरच्याला खाली आणणारा, कोणाच्याही परवानगीवाचूनचा. परवानगी पुढे मिळाली, आणि तेथून त्याचा स्वभाव बदलत गेला.

लेव्हेंथॉल यांच्या भूमिकेबद्दल मात्र थोडे थांबायला हवे. रायन आणि मंडळींनी ती निवड थट्टेच्या सुरातच केली असणार. पण १९०४ या वर्षाला आयर्लंडच्या इतिहासात आणखी एक संदर्भ आहे. त्या वर्षीच्या जानेवारीत लिमरिक शहरात फादर जॉन क्रेग या धर्मोपदेशकाच्या प्रवचनांमुळे तेथील मूठभर ज्यू कुटुंबांवर बहिष्कार पडला, आणि तो सुमारे दोन वर्षे चालला. कादंबरीत बार्नी कीर्ननच्या मद्यगृहात 'नागरिक' या नावाने वावरणारा कडवा राष्ट्रवादी ब्लूमला त्याचे राष्ट्र कोणते ते विचारतो आणि शेवटी त्याच्या अंगावर बिस्किटांचा डबा भिरकावतो. जॉईसने आपल्या शहराच्या महाकाव्याचा नायक म्हणून नेमका तोच माणूस निवडला ज्याचे त्या शहराचा असणे इतरांना मान्य नव्हते. एका अठ्ठावन्न वर्षांच्या ज्यू प्राध्यापकाला आज तू ब्लूम हो असे सांगणाऱ्या त्या सकाळच्या थट्टेत हा सारा भार होता, मग तो कोणाला जाणवो वा न जाणवो.

धर्मपीठाचा विरोध मावळलेला नव्हता. १९५८च्या डब्लिन नाट्यमहोत्सवात 'युलिसिस'वरील 'ब्लूम्सडे' याच नावाचे नाट्यरूपांतर आणि शॉन ओकेसी यांचे नवे नाटक व्हायचे होते. आर्चबिशप मक्वेड यांनी महोत्सवाच्या प्रारंभीच्या मिस्सेला संमती नाकारली. ओकेसी यांनी नाटक काढून घेतले, निषेध म्हणून बेकेट यांनीही आपली मूकनाट्ये मागे घेतली आणि त्या वर्षीचा महोत्सवच बारगळला. चारच वर्षांनी, १६ जून १९६२ रोजी, सँडीकोव्हच्या बुरुजात जॉईस संग्रहालयाचे उद्घाटन सिल्व्हिया बीच यांच्या हस्ते झाले. १९६७ साली डब्लिनमध्ये पहिला आंतरराष्ट्रीय जॉईस परिसंवाद भरला. ज्या विद्वानांना कॅव्हना यांनी खुनी ठरवले होते ते सगळे आता त्याच गावी उतरले. आणि त्याच वर्षी, इस्पितळाच्या विस्तारासाठी, ७, एकल्स स्ट्रीट ही वास्तू पाडण्यात आली. जॉन रायन यांनी तिचा दरवाजा वाचवून आपल्या मालकीच्या झालेल्या 'बेली'त उभा केला. अनावरणासाठी कॅव्हना यांना बोलावले होते. त्यांनी दरवाजा बंद झाल्याचे जाहीर केले. त्याच नोव्हेंबरात ते वारले. जोसेफ स्ट्रिक यांच्या त्या वर्षीच्या 'युलिसिस' चित्रपटावर आयर्लंडमध्ये घातलेली बंदी मात्र २०००पर्यंत उठली नाही.

यानंतरचा इतिहास मान्यतेचा आहे आणि तो झरझर सांगता येतो. १९८२च्या जन्मशताब्दीला आयरिश नभोवाणीने १६ जूनच्या पहाटेपासून संपूर्ण कादंबरीचे सुमारे तीस तास अखंड वाचन प्रसारित केले, सेंट स्टीफन्स ग्रीन या उद्यानात अर्धपुतळा बसला. १९९३ साली जॉईसचा चेहरा दहा पौंडांच्या नोटेवर आला. १९९६ साली नॉर्थ ग्रेट जॉर्जेस स्ट्रीटवर जॉईस केंद्र उघडले. उत्सव परदेशीही गेला. न्यूयॉर्कमध्ये रंगमंचावर अखंड वाचने होऊ लागली, फिलाडेल्फियात कादंबरीचे हस्तलिखित ज्या संग्रहालयात आहे त्याच्या दारात ती होतात, आणि हंगेरीतल्या सोम्बातहेय या गावाने तर ब्लूमच्या काल्पनिक बापाचे जन्मगाव म्हणून हा दिवस आपलासा केला.

२००४च्या शताब्दीत या मान्यतेचे दोन्ही चेहरे एकदम दिसले. ओकॉनल स्ट्रीटवर दहा हजार लोकांना फुकट न्याहारी वाढण्यात आली. एका मांसविक्रेत्या कंपनीने तिचा खर्च उचलला. ब्लूमची न्याहारी म्हणजे लोण्यात परतलेले, किंचित करपलेले डुकराचे मूत्रपिंड. ज्या दुकानातून तो ते आणतो ते ड्लुगाट्झचे दुकान डब्लिनमध्ये कधीच नव्हते. बाकी सारे शहर निर्देशिकेबरहुकूम उभे करणाऱ्या जॉईसने हा एक खाटीक मात्र त्रिएस्तेतल्या एका परिचिताचे नाव देऊन कल्पिला. डुकराचे मांस विकणारा ज्यू आणि ते विकत घेणारा ज्यू, असा तो विनोद आहे. तो दहा हजार सॉसेजांत विरघळून गेला. दुसरीकडे, युरोपीय कायद्याने प्रताधिकाराची मुदत पन्नासवरून सत्तर वर्षांवर गेल्यामुळे १९९१ अखेर मोकळे झालेले जॉईसचे लेखन १९९५ साली पुन्हा बंदिस्त झाले होते. जॉईसचे नातू स्टीफन जॉईस या हक्कांचा कसोशीने वापर करीत. शताब्दीच्या सार्वजनिक वाचनांवर त्यांच्या दाव्यांची टांगती तलवार होती. राष्ट्रीय ग्रंथालयाला आपल्याच मालकीची हस्तलिखिते प्रदर्शनात मांडता यावीत यासाठी आयरिश संसदेला त्या वर्षी कायद्यात दुरुस्ती करावी लागली. १६ जूनला टोपी घालून हिंडायला कोणाची हरकत नव्हती. हरकत होती ती पुस्तक मोठ्याने वाचायला. २०११च्या अखेरीस मुदत संपली, तेव्हापासून हा पेच उरला नाही.

येथे मराठी वाचकाला आपल्या परंपरेतील एका गोष्टीची आठवण होईल. मराठीत जॉईस आला तो तंत्राच्या वाटेने. मर्ढेकरांच्या 'रात्रीचा दिवस' (१९४२) या कादंबरीपासून 'संज्ञाप्रवाह' ही संज्ञा आणि जॉईसचे नाव यांची जोडी जमली, ती अद्याप सुटलेली नाही. पदव्युत्तर वर्गात 'युलिसिस'चा उल्लेख होतो तो बहुधा या संज्ञेचे उदाहरण म्हणून. डब्लिनच्या उत्सवात याच्या नेमके उलटे घडले आहे. तेथे तंत्र गळून पडले. उरले ते शहर, पदार्थ आणि पोशाख. दोन्हीकडे कादंबरीचा एकेक अंश उरतो, आणि आपल्याकडचा अंश अधिक प्रतिष्ठित आहे एवढ्यावरून तो अधिक पूर्ण ठरत नाही.

उत्सव काय वाचतो आणि काय गाळतो हे पाहिले की हे अधिक स्पष्ट होते. डेव्ही बर्नच्या मद्यगृहात गॉर्गोंझोला चीजचे सँडविच आणि बर्गंडीचा पेला घेतला जातो. स्वेनीच्या जुन्या औषधांच्या दुकानात, जेथे २००९पासून औषधे विकली जात नाहीत, स्वयंसेवक पुस्तकाचे वाचन करतात आणि साबण विकतात. ग्लॅसनेव्हिन दफनभूमीत डिग्नमची प्रेतयात्रा पुन्हा काढली जाते. म्हणजे उत्सव प्रामुख्याने कादंबरीच्या पूर्वार्धाचा, आणि त्यातही स्थळांचा आहे. पण ब्लूमचा तो दिवस आनंदाचा नाही. त्याचा मुलगा अकरा दिवसांचा होऊन गेलेला आहे, बापाने आत्महत्या केलेली आहे, आणि दुपारी चार वाजता आपल्या पत्नीकडे तिचा प्रियकर यायचा आहे हे त्याला सकाळपासून ठाऊक आहे. दिवसभर तो घरी न जाण्याची कारणे शोधत हिंडतो. प्रेतयात्रेला जायचे म्हणून अंगावर काळे कपडे आहेत. उत्सवातले लोक मात्र रंगीत पट्ट्यांचे कोट आणि गवती टोप्या घालून येतात. कादंबरीत गवती टोपी आणि पिवळसर बूट हा वेष ब्लेझेस बॉयलनचा, म्हणजे मॉलीच्या त्या प्रियकराचा आहे. ब्लूमचा दिवस साजरा करणारी माणसे शंभरात नव्वद वेळा बॉयलनचे सोंग घेऊन रस्त्यावर उतरतात, हे बहुतेकांच्या गावीही नसते. यावर नाक मुरडणे सोपे आहे. पण कार्निव्हलमध्ये मुखवट्यांची अशी उलटापालट व्हायचीच, आणि जॉईसला ती नापसंत पडली असती असे त्याचे एकही पान वाचून वाटत नाही. स्वेनीच्या दुकानात चाललेल्या वाचनात सामील होणारा वाचक आणि न्याहारीपुरता आलेला प्रवासी यांच्यात भेद आहेच. तो भेद पाडण्याचे काम उत्सवाचे नसून कादंबरीचे आहे, आणि ते ती गेली शंभर वर्षे करत आली आहे.

रायन यांनी वाचवलेला दरवाजा पुढे 'बेली'तून हलून जॉईस केंद्राच्या मागील अंगणात गेला. तो तेथे भिंतीला लागून उभा आहे. १६ जूनला त्याच्यापुढे छायाचित्रांसाठी रांग लागते. कादंबरीतल्या त्या रात्री ब्लूम स्टीफनला घेऊन घरी परततो तेव्हा किल्ली आदल्या दिवशीच्या पँटच्या खिशात राहून गेल्याचे त्याच्या लक्षात येते. त्याला पुढचे कुंपण ओलांडून तळघराच्या अंगणात उडी मारावी लागते, स्वयंपाकघरातून आत शिरावे लागते, आणि मगच तो पाहुण्यासाठी हा दरवाजा आतून उघडतो.